मालकी या कचेरीत ठरत नाही, हे पहिल्याच दिवशी सांगा

प्रति,
सोलापूर जिल्ह्यातील सर्व तहसीलदार, मंडळ अधिकारी व ग्राम महसूल अधिकारी (तलाठी) यांस,

सा. न. वि. वि.

जिल्ह्यातल्या एका तहसील कचेरीच्या आवारात, कडुनिंबाखाली टेबल टाकून बसणारा मी अर्जनवीस. सत्तावीस वर्षं झाली. आधी टाइपरायटर होता, आता लॅपटॉप आणि प्रिंटर आहे. माणसं मात्र तीच येतात. पिशवीत गुंडाळलेला सातबारा, आठ-अ, एखादा जुना फेरफार, पिवळा पडलेला स्टॅम्प पेपर. बसायच्या आधीच बोलायला लागतात, "साहेब, भावानं समदं सोताच्या नावावर करून घेतलंय. माझं नाव लावायला अर्ज लिवा."

मी अर्ज लिहून देतो. कोर्ट फी स्टॅम्प लावून तो आवक खिडकीवर जातो, शिक्का मारलेली पोच हातात येते आणि माणूस समाधानानं घरी जातो. आपला खटला सुरू झाला असं त्याला वाटतं. पण पुष्कळ वेळा तो सुरू झालेलाच नसतो. तो चुकीच्या दारात उभा असतो आणि मुदतीचं घड्याळ दुसऱ्याच कचेरीत चालू असतं.

हे पत्र त्याबद्दल आहे. तुमच्यावर आरोप करायला मी लिहीत नाही. आमच्या घरात हे घडलं म्हणून लिहितो.

आमच्या आजीच्या नावावर सीना नदीकडेची चार एकर दहा गुंठे जमीन होती. आजी २००३ साली गेली. वर्षभरात थोरल्या चुलत्यांनी तिचं मृत्युपत्र पुढे केलं आणि सगळी जमीन त्यांच्या नावावर लावणारा फेरफार, म्हणजे सातबाऱ्यावरचं नाव बदलायची नोंद, धरला गेला. अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, हरकत घेतली. तक्रार नोंदवहीत नोंद झाली, सुनावणी झाली, नोंद मंजूर झाली. अण्णांनी प्रांतांकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांकडे, अपील केलं, ते त्यांच्या बाजूनं लागलं. चुलते वर गेले, तिथे उलटं लागलं. अण्णा आणखी वर गेले. या कचेऱ्यांची नावं मी घेत नाही. तिथल्या कुणी पैसे मागितले नाहीत की उद्धट बोललं नाही. सगळ्यांनी कायद्याप्रमाणे तारखा दिल्या. २०१३ साली शेवटचा आदेश आला. त्याचा शेवटचा परिच्छेद अण्णांनी मला तीनदा मोठ्यानं वाचायला लावला. मृत्युपत्र खरं की खोटं आणि मालकी कोणाची हे ठरवण्याचा अधिकार महसूल यंत्रणेला नाही, पक्षकारांनी दिवाणी न्यायालयात दाद मागावी, असं त्यात होतं.

नऊ वर्षांनंतर. जे शेवटच्या ओळीत लिहिलं ते पहिल्या दिवशीही तितकंच खरं होतं.

मधल्या काळात, २००९ साली, चुलत्यांनी त्यातली दोन एकर तिसऱ्याच माणसाला खरेदी देऊन टाकली होती. मालकीचा दावा कोर्टात चालू असता तर मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम ५२ चा आधार मिळाला असता. दावा चालू असताना घेतलेली जमीन दाव्याच्या निकालाला बांधील राहते. आपल्या राज्यात मात्र त्यासाठी दावा चालू असल्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी लागते. ही नोंदणी महाराष्ट्र आणि गुजरातेतली खास अट आहे आणि ती माहीत नसल्यामुळे कितीतरी माणसं दावा लावूनही उघडी पडतात. आमचा तर दावाच नव्हता, नुसतं फेरफाराचं अपील होतं. खरेदीदार आज म्हणतो, मी उतारा बघून पैसे मोजले, माझा काय दोष? आणि त्याचं ऐकलं की मलाही त्याचं वाईट वाटतं.

दावा २०१४ साली लागला. अण्णा २०१९ साली गेले. त्यांच्या जागी आम्हा भावंडांची नावं वारस म्हणून दाव्यात आली. दावा अजून साक्षीपुराव्यावर आहे.

आता मुद्द्याचं सांगतो. तुम्हाला हे पाठ आहे, पण हे पत्र माझ्या टेबलाशी बसणारी माणसंही वाचतील, म्हणून उघड करून लिहितो.

सातबारा हा जमिनीचा महसुली अभिलेख आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे त्यातली नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी धरली जाते. म्हणून तिला वजन आहे, कर्ज तिच्यावर मिळतं, पीकविमा तिच्यावर मिळतो. पण नोंद लागली म्हणून मालकी मिळत नाही आणि नोंद उडाली म्हणून मालकी जात नाही. मालकी खरेदीखतानं, वारसानं, वाटपानं, बक्षीसपत्रानं येते, आणि त्यावर वाद झाला तर तो दिवाणी न्यायालयात सुटतो. सर्वोच्च न्यायालयानं हे १९९६ सालापासून पुन्हा पुन्हा सांगितलं आहे. २०२१ साली जितेंद्र सिंग विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या प्रकरणात तर नेमकं मृत्युपत्राबद्दलच सांगितलं: मृत्युपत्रावरून हक्क सांगणाऱ्याला, वाद असेल तर, आधी दिवाणी न्यायालयातून हक्क ठरवून घ्यावा लागेल आणि मग त्या निकालाप्रमाणे नोंद होईल. तो निकाल मी छापून टेबलाच्या काचेखाली ठेवला आहे. अण्णांना तो बघायला मिळाला नाही.

याचा अर्थ महसूल कचेरीत जाऊच नये असा नाही. तुमच्या नोटिशीवर हरकत घ्यायलाच हवी, नोंद विरुद्ध गेली तर साठ दिवसांत प्रांतांकडे अपील करायलाच हवं. पण ते चालू ठेवून त्याच महिन्यात दिवाणी दावाही लावायला हवा होता. आमचं नेमकं हेच राहिलं. एका दारात उभं राहिलं की दुसऱ्या दाराची गरज नाही, असा आमचा समज होता. तो दूर करणारं त्या आवारात कुणी नव्हतं. मीही नव्हतो. तेव्हा मला अर्जनवीस होऊन पाच-सहा वर्षं झाली होती आणि अण्णांचे सगळे अर्ज मीच टाइप केले होते.

मुदतीचं तर लोकांच्या गावीही नसतं. हक्क जाहीर करून मागायचा दावा हक्काला पहिल्यांदा बाध आला तेव्हापासून तीन वर्षांत लावावा लागतो. दस्त रद्द करून मागायचा असेल तर तीही मुदत तीन वर्षांची. मालकीवरून ताबा मागायचा असेल तर बारा वर्षं. ही घड्याळं तुमच्या कचेरीतल्या तारखांसाठी थांबत नाहीत. मुदत अधिनियमाचं कलम १४ आहे, चुकीच्या न्यायालयात सद्भावनेनं घालवलेला काळ वगळून मागता येतो. पण फेरफाराची लढाई आणि मालकीचा दावा ही एकच बाब होती, हे आधी पटवून द्यावं लागतं. आमच्या समोरच्या वकिलांनी पहिली हरकत घेतली ती मुदतीचीच. जमिनीवर बोलायच्या आधी आम्ही कितीतरी तारखा फक्त कॅलेंडरवर बोलत होतो.

उलटही घडतं, तेही सांगायला हवं. काही वादांना तुमचंच दार खरं असतं आणि लोक कोर्टाकडे धावतात. वाट अडवल्याचं घ्या. ऊस तोडणीला आला आहे, कारखान्याची गाडी बांधापर्यंत आली आहे आणि शेजाऱ्यानं पूर्वापार वहिवाटीच्या रस्त्यावर काटेरी फांद्या टाकल्या आहेत. यासाठी १९०६ सालचा मामलेदार न्यायालय अधिनियम आजही जिवंत आहे. कलम ५ खाली तहसीलदार अडथळा काढायचा आदेश देऊ शकतात. अट एकच, अडथळा आल्यापासून सहा महिन्यांत अर्ज व्हायला हवा. लोक गावकी करतात, पंच बसवतात, यात्रा जाऊ दे, दिवाळी जाऊ दे म्हणतात आणि आठव्या महिन्यात माझ्याकडे येतात. आणि जिथे रस्ताच नाही, नवा हवा आहे, तिथे जमीन महसूल संहितेचं कलम १४३ आहे, बांधाबांधानं रस्ता देण्याचं. या दोन्ही गोष्टींसाठी एकच अर्ज लिहून देताना मला माझ्याच पेशातली माणसं दिसतात. 'जुना रस्ता खुला करून मिळावा अगर नवीन द्यावा' असं एका ओळीत दोन्ही लिहायचं आणि मग त्या अर्जावर कलम कुठलं लावायचं यातच दोन तारखा जायच्या. कलम १४३ खालचा निर्णय पटला नाही तर वर्षाच्या आत दिवाणी दावा लावता येतो, हेही आदेशाच्या प्रतीवर छापलेलं मी फार कमी वेळा पाहिलं आहे.

बांध कोरल्याची तक्रार असेल तर आधी भूमी अभिलेखकडे हद्द कायम मोजणी. मोजणीची क प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, हातात नसताना लावलेला दावा म्हणजे नुसता तोंडी बांध. कोर्टही शेवटी मोजणीलाच पाठवतं.

बहिणींच्या हिश्शाचे अर्ज सगळ्यात जास्त येतात, आणि इथे जरा थांबून सांगायला हवं. संक्रांतीला गड्ड्याच्या यात्रेला माहेरी आलेली बाई भावजयीच्या बोलण्यातून ऐकते की उताऱ्यावर तिचं नावच नाही. वडील वारल्यावर वारस नोंदीत तिचं नाव नुसतं राहिलं असेल आणि ती वारस आहे हे कुणी नाकारत नसेल, तर तुमच्याकडे अर्ज किंवा अपील हा मार्ग बरोबर. पण भाऊ म्हणाला की बहिणीनं हक्कसोडपत्र दिलंय, किंवा वडिलांनी वाटप करून ठेवलंय, किंवा तिच्या लग्नातच तिचा हिस्सा खर्च झालाय, तर तिथून पुढे वाटपाचा दिवाणी दावा. हा शेवटचा युक्तिवाद कायद्यात कुठेही बसत नाही, पण गावात तो सगळ्यात जोरात चालतो. हिंदू वारसा कायद्यातल्या दुरुस्तीनं ९ सप्टेंबर २००५ पासून वडिलोपार्जित जमिनीत मुलगी मुलासारखीच जन्मानं सहहिस्सेदार आहे. वडील त्या तारखेला हयात असोत वा नसोत, हे ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट केलं. महसूल संहितेच्या कलम ८५ खाली तुम्ही वाटप करून देता ते सगळे खातेदार हिश्शांवर एकमत असतील तेव्हा. मालकीचा प्रश्न निघाला की दिवाणी निकालापर्यंत तुम्हाला थांबावं लागतं. पण मग त्या बाईला "पुढची तारीख" असं न सांगता "बाई, तुमचा प्रश्न कोर्टातला आहे" असं सांगायला काय हरकत आहे? महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे. तालुक्याच्या कोर्टात समिती आहे, १५१०० हा फोन नंबर आहे. माझ्याकडे येणाऱ्या दहा बायकांना विचारा, नऊ जणींना हे माहीत नसतं.

आपल्या जिल्ह्याच्या सरहद्दीवर आणखी एक गुंता आहे. बार्शीच्या पूर्वेला, अक्कलकोटच्या वर, मराठवाडा लागतो. एकाच घराची थोडी जमीन इकडे आणि थोडी तुळजापूर तालुक्यात असते. कुळाचा, म्हणजे दुसऱ्याची जमीन कसणाऱ्याच्या हक्काचा, प्रश्न आला की इकडे जुन्या मुंबई राज्याचा १९४८ चा कायदा आणि तिकडे हैदराबादचा १९५० चा. बाप एक, आजा एक, कायदे दोन. कूळ आहे की नाही हे ठरवणं मात्र दिवाणी न्यायालयाच्या हातात नाही. आपल्याकडे १९४८ च्या कायद्याच्या कलम ७० खाली ते तहसीलदारांचं काम. कोर्टात दावा चालू असताना कुळाचा मुद्दा निघाला तर त्याच कायद्याच्या कलम ८५-अ प्रमाणे तो मुद्दा तुमच्याकडे येतो, तुम्ही ठरवता आणि मग दावा पुढे चालतो. ज्यांच्या सातबाऱ्यावरच्या 'इतर हक्कात' १ एप्रिल १९५७ च्या, म्हणजे कृषक दिनाच्या, आधीच्या कुळाचं नाव अजून दिसतं, त्यांनी हे लक्षात ठेवलं नाही तर कोर्टात गेलेली वर्षं परत मोजावी लागतात. निव्वळ मालकीचा दावा दोन जिल्ह्यांतल्या जमिनींबद्दल असेल तर मात्र तो दोन्हींपैकी एका जिल्ह्यातल्या सक्षम न्यायालयात लावता येतो. मुलगा पुण्यात नोकरीला आहे म्हणून करमाळ्याच्या जमिनीचा दावा पुण्यात लागत नाही. जमीन असेल तिथलंच कोर्ट.

पोलिसांबद्दल थोडक्यात. ठाण्यात गेलं की "दिवाणी स्वरूपाचा वाद आहे" असं लिहिलेला कागद मिळतो. लोक चिडतात, पण मालकीपुरतं ते खरं आहे. शांतता बिघडायची वेळ आली तर कार्यकारी दंडाधिकारी ताबा कोणाचा होता एवढं बघतात, नव्या नागरिक सुरक्षा संहितेत ते कलम १६४ आहे. मालकी तिथेही ठरत नाही. जबरदस्तीनं काढून टाकलं असेल तर विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ६ खाली सहा महिन्यांत ताबा परत मागता येतो आणि त्यात मालकी सिद्ध करावी लागत नाही. हे कलम आमच्या आवारात कुणाच्या तोंडी मी ऐकलेलं नाही.

वकील मित्रांनाही एक विनंती. समोरचा मालकीच नाकारतोय हे दिसत असताना नुसत्या मनाईचा दावा लावू नका. फी कमी, निकाल लवकर, हे ठीक आहे. पण मालकीवर ढग असेल तर हक्क जाहीर करून मागितल्याशिवाय नुसती मनाई टिकत नाही, हे २००८ साली सर्वोच्च न्यायालयानं अनथुला सुधाकर प्रकरणात सविस्तर सांगितलं आहे. बरोबर कोर्टात चुकीची मागणी घेऊन उभं राहणं हेही चुकीचंच दार.

महामार्गाला, पालखी मार्गाला जमीन गेली आणि पैसा कमी वाटला तर लवादाकडे. पैसा भावाभावांत कुणाचा किती यावर भांडण असेल तर ते सक्षम प्राधिकाऱ्यामार्फत जिल्हा न्यायालयाकडे. दोन्ही एकाच अर्जात मिसळू नका, एवढंच.

हे सगळं एका शेतकऱ्यानं पाठ करावं अशी माझी अपेक्षा नाही. तुम्ही अर्ज नाकारावेत अशीही नाही. अर्ज घ्यायलाच हवा, आणि नोंदीपुरता निर्णय द्यायलाच हवा, कायदा तसाच आहे. मला दोनच गोष्टी हव्या आहेत. पहिली, आवक खिडकीवर एक फलक. दुसरी, फेरफाराच्या प्रत्येक नोटिशीवर आणि हरकतीच्या पोचपावतीवर दोन ओळी. त्या ओळी मी लिहून ठेवल्या आहेत:

'या कार्यालयात सातबाऱ्यावरील नोंदीबाबत निर्णय होतो. जमिनीची मालकी, मृत्युपत्र, वाटप किंवा हक्कसोडपत्राचा खरेखोटेपणा यांचा निर्णय दिवाणी न्यायालयात होतो व त्यासाठी कायद्याने मुदत ठरलेली आहे. येथील प्रकरण चालू असले तरी ती मुदत थांबेल असे समजू नये. मोफत वकिलासाठी तालुका विधी सेवा समितीकडे जावे.'

तुमच्यापैकी काही जण हे तोंडी सांगतात, मला माहीत आहे. एका मंडळ अधिकाऱ्यांनी माझ्यासमोर एका म्हाताऱ्याला खुर्चीवर बसवून, पाणी देऊन, अर्धा तास समजावलं होतं. तो माणूस तिसऱ्या दिवशी कोर्टात गेला आणि दोन महिन्यांत त्याला तात्पुरता मनाई हुकूम मिळाला. त्याची जमीन विकली गेली नाही. पण सगळं एका माणसाच्या चांगुलपणावर राहू नये, त्यांची बदली झाली की ते निघून जातं. फलक राहतो.

१८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरात बसतंय आणि सोलापूर त्याच्या हद्दीत आहे. वरच्या कोर्टासाठी मुंबई गाठायची वेळ आता टळली. वरचं दार जवळ आलं आहे. खालचं, पहिलं दार कोणतं एवढंच सांगायचं उरलं आहे.

फलकाचा खर्च मी देतो. माझ्या तालुक्यासाठी तो तयारही आहे, पत्र्यावर, निळ्या अक्षरांत. अक्कलकोट आणि दक्षिण सोलापुरातल्या पुष्कळ घरांत कन्नड बोलतात, म्हणून एका मित्राकडून कन्नड मजकूरही करून घेतला आहे. तुमची परवानगी मिळाली की दुसऱ्या दिवशी सकाळी, खिडकी उघडायच्या आत, लावून देतो.

आपला,
तहसील कचेरीच्या आवारातला एक अर्जनवीस
सोलापूर जिल्हा